विनोद कथन स्पर्धेचे परीक्षण: एकच विनोद दोघांनी सांगितला तर गुण कसे द्यावेत?

शेवंती (प्रश्न)

नमस्कार. आमच्या गृहसंकुलाच्या गणेशोत्सवात मोठ्यांसाठी दरवर्षी विनोद कथन स्पर्धा होते. गेल्या वर्षी तिघा परीक्षकांत मी होते आणि या वर्षीही मला बोलावणे आले आहे. मी तीस वर्षे शाळेत मराठी शिकवले, वक्तृत्व आणि कथाकथनाच्या स्पर्धांचे परीक्षणही अनेकदा केले. तरीही गेल्या वर्षीच्या निकालाची रुखरुख अजून गेलेली नाही, आणि तिचा उलगडा झाल्याशिवाय पुन्हा त्या खुर्चीवर बसणे मला योग्य वाटत नाही.

स्पर्धक २१ होते. प्रत्येकाला ३ मिनिटे होती आणि गुणपत्रक ५० गुणांचे होते: आशयाला २०, सादरीकरणाला २० आणि श्रोत्यांच्या प्रतिसादाला १०. क्रम चिठ्ठ्या टाकून ठरला. चौथ्या क्रमांकावर आलेल्या गृहस्थांनी हयातीच्या दाखल्याचा विनोद सांगितला. आपल्यापैकी अनेकांनी तो ऐकला असेल. निवृत्तिवेतन घेणारे एक आजोबा नोव्हेंबरात बँकेत दाखला द्यायला जातात. कारकून म्हणतो, ‘‘या वर्षीचा दाखला मिळाला, पण गेल्या वर्षीचा राहिला आहे, तोही आणा.’’ आजोबा म्हणतात, ‘‘अहो, मी तुमच्यासमोर उभा आहे ना!’’ त्यावर कारकून म्हणतो, ‘‘आज तुम्ही हयात आहात, हे मान्य. पण गेल्या वर्षी हयात होतात, याला पुरावा काय?’’ ते गृहस्थ शेवटचे वाक्य येण्याआधीच स्वतः हसू लागले होते, तरी सभागृहात मोठा हशा पिकला.

सतराव्या क्रमांकावर सत्तरी ओलांडलेल्या एक आजी आल्या आणि त्यांनी नेमका हाच विनोद सुरू केला. दुसऱ्याच वाक्याला पुढच्या रांगेतून कोणीतरी ‘‘हा झाला, हा झाला’’ असे ओरडले. आजी थांबल्या नाहीत. त्यांनी पिशवीतून कागद काढल्याचा अभिनय केला, तो डाव्या तळहातावर ठेवून उजव्या हाताने त्याची घडी मोडली आणि चष्मा नाकावर वर सरकवला. कारकुनाचे शेवटचे वाक्य बहुतेक जण दरडावून म्हणतात. आजींनी ते मायेने, आजोबांचे काम व्हावे अशी मनापासून इच्छा असलेल्या माणसाच्या आवाजात म्हटले. ‘‘हे मान्य’’ म्हणून त्या थांबल्या, हातातल्या कागदाकडे एकदा पाहिले आणि मगच पुढचे बोलल्या. पुढच्या रांगा गप्प होत्या. मागे बसलेली आठ-दहा वृद्ध माणसे मात्र हसली, आणि बराच वेळ हसत राहिली.

मी त्या गृहस्थांना ३३ आणि आजींना ४४ गुण दिले. दुसऱ्या परीक्षकांनी ४१ आणि ३१, तर तिसऱ्यांनी ४० आणि ३० दिले. यांतील प्रतिसादाचे गुण गृहस्थांना तिघांनीही ९ दिले होते. आजींना मी ५ आणि इतरांनी ३ व २ दिले. गृहस्थांना पहिले बक्षीस मिळाले, आजींना उत्तेजनार्थही मिळाले नाही. चिठ्ठ्या उलट निघाल्या असत्या तर काय झाले असते, हा विचार माझी पाठ सोडत नाही.

विनोदाची पुनरावृत्ती हा दोष धरावा का, आणि हशाला गुण असावेत का, हे मला प्रामुख्याने विचारायचे आहे. एखाद्या जातीवर, अपंगत्वावर किंवा सरसकट बायकांवर बेतलेला विनोद कोणी सफाईने सांगितला, तर परीक्षकाने काय करावे, याबद्दलही जाणकारांनी लिहावे, ही विनंती.

पारावरचा

शेवंतीताई, मी गावोगावच्या वाचनालयांत बरीच वर्षे कथाकथन केले आहे, त्या अनुभवावरून लिहितो. स्पर्धेच्या नावातच उत्तर आहे असे मला वाटते. ही विनोद लेखनाची स्पर्धा नाही, विनोद कथनाची आहे. हयातीच्या दाखल्याचा विनोद ना त्या गृहस्थांचा होता ना आजींचा. तो वर्षानुवर्षे लोकांच्या तोंडी आहे. मग आधी सांगितला त्याचा आणि नंतर सांगितला त्याचा, असा भेद करण्याला आधार राहत नाही. दोघांनीही परक्याचेच सोने आणले होते. त्याला घडण कोणी कशी दिली, एवढेच परीक्षकाने पाहायचे.

शेवट माहीत असला की हसू येत नाही, हेही खरे नाही. साठच्या दशकात व्यंकटेश माडगूळकर, शंकर पाटील आणि द. मा. मिरासदार यांनी महाराष्ट्रभर कथाकथन केले, तेव्हा छापलेल्या, वाचलेल्या कथा ऐकायला लोक गर्दी करत. पु. ल. देशपांडे यांची ध्वनिमुद्रणे ज्यांना तोंडपाठ आहेत, तेही त्याच जागी पुन्हा हसतात, किंबहुना ती जागा जवळ आली की आधीच सरसावून बसतात. म्हणजे हसू केवळ अनपेक्षित शेवटाचे नसते. ते माणूस डोळ्यांसमोर उभा राहण्याचेही असते. मागच्या रांगेतील वृद्ध हसले ते कारकुनाच्या युक्तिवादाला नव्हे. त्यांनी स्वतः दर नोव्हेंबरात ती खिडकी पाहिली आहे, आणि आजींनी त्यांना पुन्हा तिच्यासमोर नेऊन उभे केले.

कथन कसे तपासावे, याबद्दल माझी एक सवय सांगतो. मी प्रत्येक स्पर्धकाचे शेवटचे वाक्य, त्याने उच्चारले त्याच शब्दक्रमाने, कागदावर उतरवून घेतो. मराठी वाक्यात शब्द पुढेमागे करण्याची मोकळीक पुष्कळ असते आणि तिथेच विनोद तरतो किंवा बुडतो. ‘‘गेल्या वर्षी हयात होतात, याला पुरावा काय?’’ या रचनेत ‘पुरावा काय’ अगदी शेवटी येते आणि ते ऐकू येईपर्यंत श्रोता अडकून राहतो. हेच कोणी ‘‘याला पुरावा काय, की तुम्ही गेल्या वर्षी हयात होतात म्हणून?’’ असे म्हटले, तर गंमत वाक्याच्या आरंभीच सांडते आणि उरलेले शब्द रिकामे वाजतात. घाईत बोलणारा हा घोटाळा हमखास करतो. दुसरी खूण विरामाची. ‘‘हे मान्य’’नंतर थांबायला हवेच, कारण त्या क्षणी आजोबांचे काम झाले असे श्रोत्याला वाटले पाहिजे. आपल्या वर्णनावरून आजींना ही जागा बरोबर कळली होती. तिसरी खूण सांगणाऱ्याच्या हसण्याची. जो स्वतः आधी हसतो, तो श्रोत्यांना हसण्याचा इशारा देतो. समोर ओळखीची मंडळी असतील तर ती इशाऱ्यावर हसतात, आणि परीक्षकाला तो हशा विनोदाचा वाटतो.

म्हणून प्रतिसादाचा रकाना मी गुणपत्रकातून काढून टाका असे म्हणेन. गृहसंकुलातील स्पर्धेत ज्याचे कुटुंब मोठे, त्याचा हशा मोठा. परीक्षकाने हशा ऐकावा, पण तो कोणत्या शब्दावर आला हे टिपण्यासाठी; किती मोठा आला, हे मोजण्यासाठी नव्हे. शक्य असेल तर प्रत्येक स्पर्धकाकडून आदल्या दिवशी दोन विनोदांचे एका ओळीतले सार सूत्रसंचालकाकडे लिहून घ्यावे. दोघांचा विनोद एकच निघाला तर सूत्रसंचालकाने ते दोघांनाही सांगावे. बदलायचा की तोच ठेवायचा, हे त्यांचे त्यांनी ठरवावे.

त्रैराशिक

मी शाळेत गणित शिकवते. ‘पारावरचा’ यांचे म्हणणे पटले, तरी ताईंनी दिलेले आकडे मांडून पाहिल्यावर एक गोष्ट स्पष्टपणे लिहायला हवी असे वाटले.

एकूण बेरीज गृहस्थांची ११४ आणि आजींची १०५ होते. प्रतिसादाचे गुण वजा केले, तर गृहस्थांचे २४, ३२ आणि ३१ म्हणजे ८७ उरतात, आजींचे ३९, २८ आणि २८ म्हणजे ९५. निकाल उलटतो. परंतु तो का उलटतो, हे पाहा. प्रतिसाद वगळल्यावरही दुसऱ्या आणि तिसऱ्या परीक्षकांच्या मते गृहस्थच पुढे आहेत, फक्त ४ आणि ३ गुणांनी. ताईंच्या मते आजी १५ गुणांनी पुढे आहेत. म्हणजे तिघांपैकी दोघांचे मत एकीकडे असूनही, ज्या परीक्षकाने गुणांत मोठे अंतर ठेवले, त्या एकाचेच मत बेरजेत जिंकते. ताई, आपला निर्णय योग्य होता असे मलाही वाटते. पण उद्या दुसरा एखादा परीक्षक आपल्या शेजाऱ्याला असेच भरभरून गुण देईल, तेव्हा हीच बेरीज त्याच्याही बाजूने उभी राहील. आजींना न्याय द्यायचा असेल, तर तो बेरजेच्या आधाराने देता येणार नाही. तो इतर दोघांना आधी विश्वासात घेऊनच द्यावा लागेल.

त्यासाठी दोन उपाय आहेत. स्पर्धेच्या आधी तिघांनी एकत्र बसावे, एखादे ध्वनिमुद्रित कथन ऐकावे, स्वतंत्रपणे गुण द्यावेत आणि मग ते एकमेकांना दाखवावेत. चाळीसपैकी तीस म्हणजे काय, याबद्दल तिघांच्या कल्पना किती वेगळ्या असतात, हे पंधरा मिनिटांत कळते. दुसरा उपाय म्हणजे गुणांच्या बेरजेऐवजी क्रमांकांची बेरीज करावी. पहिल्याला १, दुसऱ्याला २ असे मांडून ज्याची बेरीज सर्वांत कमी, तो विजेता. मात्र २१ स्पर्धकांना अचूक क्रम लावणे कोणालाच जमत नाही. म्हणून पहिल्या फेरीतून सहा जण निवडावेत आणि त्यांच्याकडून नवा विनोद ऐकून क्रम लावावा. एकच विनोद वर्षभर घोटून आलेला आणि खरोखर सांगण्याची हातोटी असलेला, यांतला फरक दुसऱ्या फेरीत आपोआप दिसतो.

चिठ्ठीच्या क्रमाबद्दल आपली शंका रास्त आहे. युरोव्हिजन गीतस्पर्धा आणि फिगर स्केटिंग यांच्या निकालांवर २००५ साली एक अभ्यास प्रसिद्ध झाला होता. त्यात उशिरा सादर करणाऱ्यांना सरासरीने अधिक चांगले गुण मिळत असल्याचे दिसले. आजींच्या बाबतीत मात्र उशीर नुकसानीचा ठरला, कारण विनोद आधीच सांगून झाला होता. आरंभीच्या स्पर्धकांसाठी मी एवढेच सुचवेन की पहिल्या तिघांचे गुण लगेच शाईने लिहू नयेत. पेन्सिलीने लिहावेत आणि पाचव्या-सहाव्या स्पर्धकानंतर पुन्हा पाहावेत.

तळकोकण

गुणपत्रकात ‘शुद्ध उच्चार’ असा निकष असेल, तर तो आधी ‘स्पष्ट उच्चार’ असा करून घ्या. मालवणी माणसाने ‘खंय’ म्हटले किंवा वऱ्हाडी माणसाने ‘कायले’ म्हटले, तर ती अशुद्ध मराठी नव्हे, ती त्याची बोली आहे, आणि विनोद बोलीत जितका रुजतो तितका प्रमाणभाषेत क्वचितच रुजतो. उलट ज्याची बोली नाही अशा माणसाने केवळ हशा पिकवण्यासाठी खेडवळ हेल काढले, तर तिथे परीक्षकाने सावध व्हावे. आगरी किंवा अहिराणी बोलणारा खरा माणूस त्या सभागृहात बसलेला असतो.

अभया

ताईंच्या शेवटच्या प्रश्नाबद्दल लिहिते, कारण तो माझ्या घरातला आहे. माझा धाकटा भाऊ बोलताना अडखळतो. लहानपणी लग्नसमारंभांत त्याच्यासमोरच तोतरेपणाचे विनोद सांगितले जात आणि तो पाणी पिण्याचे निमित्त करून उठून जाई. मोठेपणी त्याने एका स्पर्धेत स्वतः विनोद सांगितला. अडखळत बोलणारा एक माणूस दुकानात जातो आणि म्हणतो, ‘‘पा… पा…’’ दुकानदार लगबगीने पापड काढतो. माणूस मान हलवतो, पुन्हा ‘‘पा…’’ म्हणतो, तोवर पावडरचा डबा समोर येतो. मग पाकीट, मग पातेले. दुकानदार घामाघूम होतो, सगळा माल गल्ल्यापुढे रचला जातो, आणि तेव्हा कुठे माणसाचे वाक्य पूर्ण होते: ‘‘पावती द्या.’’ भावाने हा विनोद स्वतःच्या नैसर्गिक गतीने सांगितला, एकही अडखळण नाटकी नव्हती. सगळे हसले, आणि हसले ते दुकानदाराच्या उतावळेपणाला. विषय तोच होता. पण या वेळी हसणे माझ्या भावावर नव्हते.

हाच भेद सर्वोच्च न्यायालयाने ८ जुलै २०२४ रोजी एका चित्रपटासंबंधीच्या निकालात मांडला आहे. अपंगत्व समजून घ्यायला मदत करणारा विनोद आणि अपंग व्यक्तीला हिणवून तिचे खच्चीकरण करणारा विनोद यांना एका मापाने मोजू नये, असे न्यायालयाचे म्हणणे आहे. परीक्षकाला याहून नेमकी कसोटी मिळणार नाही. कायद्याची बाजूही आयोजकांना ठाऊक असावी. दिव्यांग व्यक्तींचे हक्क अधिनियम, २०१६ याच्या कलम ९२ नुसार सर्वांसमक्ष हेतुपुरस्सर अपमान करणे हा गुन्हा आहे, आणि अनुसूचित जाती व जमातींच्या बाबतीत १९८९ चा अत्याचार प्रतिबंधक कायदा आहे. तरीही प्रत्येक बोचरी गोष्ट न्यायालय सोडवणार नाही. शीख समाजावरील विनोदांना आळा घालावा, या मागणीवर २०१७ साली सर्वोच्च न्यायालयाने नैतिक आचरणाची मार्गदर्शक तत्त्वे घालून देण्यास नकार दिला होता. म्हणजे मधली मोठी जागा आयोजकांनी आणि परीक्षकांनीच सांभाळायची आहे.

माझे मत असे की यासाठी गुण कापू नयेत. गुण कापणे म्हणजे हिणवण्याची किंमत ठरवणे होय. पाच गुण गमावूनही तो स्पर्धक बक्षीस घेऊन जाऊ शकतो. नियमपत्रकात आधीच स्पष्ट लिहावे की जात, धर्म, अपंगत्व, वर्ण किंवा लिंग यांवरून एखाद्या गटाला हिणवणारे कथन स्पर्धेतून बाद होईल, आणि नाव नोंदवतानाच ते वाचून दाखवावे. बायकांवरील विनोदांबाबत मी एवढेच विचारते: त्यातील बाईला नाव, स्वभाव, स्वतःचे म्हणणे आहे का? असेल तर ती पात्र आहे आणि तिच्यावर खुशाल हसावे. नुसती ‘बायको’ असेल, तर तो आळशी विनोद आहे आणि आशयाच्या गुणांत ते दिसायला हवे.

पोथी

येथे नाट्यशास्त्राचा उल्लेख करणे मला आवश्यक वाटते, कारण हे प्रश्न भरतमुनींनाही पडले होते. सहाव्या अध्यायात त्यांनी हास्याचे सहा प्रकार सांगितले आहेत. स्मित आणि हसित हे उत्तम प्रकृतीच्या पात्रांचे, विहसित आणि उपहसित मध्यमांचे, अपहसित आणि अतिहसित अधमांचे. ही विभागणी पात्रांच्या हसण्याची आहे, श्रोत्यांची नव्हे. पण हसण्याच्या पायऱ्या वेगवेगळ्या असतात आणि सर्वांत मोठा आवाज म्हणजे सर्वांत वरची पायरी नव्हे, हे त्यातून कळते. सत्ताविसाव्या अध्यायात प्रयोग सिद्धीस गेला हे कशावरून ओळखावे, याची चर्चा आहे. तिथे प्रेक्षकांचे स्मित, अर्धहास, अतिहास, ‘साधु’ असा उद्गार आणि ‘अहो’ असा उद्गार, हे सगळे वेगवेगळे नोंदवले आहेत. म्हणून ‘पारावरचा’ यांच्याशी मी थोडा असहमत आहे. प्रतिसाद पूर्णपणे सोडून देऊ नये. तो कोणत्या जातीचा आहे, हे पाहावे. आजींना मिळालेला मागच्या रांगेतला टिकून राहिलेला हशा आणि गृहस्थांना मिळालेला दणदणीत हशा यांना एकाच फुटपट्टीवर ९ आणि ३ असे बसवणे, ही चूक झाली.

त्याच अध्यायात वाद उद्भवल्यास निर्णय देणाऱ्या दहा प्राश्निकांची यादी आहे: यज्ञ जाणणारा, नर्तक, छंदांचा जाणकार, व्याकरण जाणणारा, राजा, धनुर्विद्येचा जाणकार, चित्रकार, गणिका, गायक आणि राजसेवक. ज्या अंगाबद्दल वाद असेल, त्या अंगाचा जाणकार निर्णय देतो. आपल्या तिघा परीक्षकांत भाषेची जाणकार आपण आहात. एखादा जाणता कथेकरी किंवा नट दुसऱ्या खुर्चीवर असेल असे पाहा.

शेवंती

सर्वांचे मनापासून आभार. ‘त्रैराशिक’ यांची आकडेमोड वाचून मी माझे जुने गुणपत्रक काढून पाहिले. आजींना सादरीकरणात मी २० पैकी २० दिले होते, आणि इतर कोणालाही १४ च्या वर दिले नव्हते. त्या दोन परीक्षकांशी मी त्या संध्याकाळी एक शब्दही बोलले नव्हते. आकडे गोळा झाले आणि निकाल वाचला गेला. काल दोघांनाही दूरध्वनी केला. दुसऱ्या परीक्षकांनी सांगितले की पुढच्या टेबलावरून त्यांना मागच्या रांगा दिसतच नव्हत्या आणि तो हशा त्यांनी ऐकलाही नव्हता.

समितीपुढे मी पुढील गोष्टी ठेवणार आहे: प्रतिसादाचे १० गुण कथनाकडे वळवावेत, सहा जणांची दुसरी फेरी घ्यावी, हिणवणारे कथन बाद ठरवण्याचा नियम नोंदणीच्या अर्जावरच छापावा, आणि विनोदांचे सार आदल्या दिवशी लिहून घ्यावे. ‘पोथी’ यांचा मुद्दा मान्य असूनही प्रतिसादासाठी मी रकाना ठेवणार नाही. श्रोत्यांनी चिठ्ठीवर एक नाव लिहून द्यावे आणि त्याचे बक्षीस वेगळे असावे. परीक्षकांचे टेबल रंगमंचासमोरून हलवून उजवीकडच्या भिंतीशी, चौथ्या रांगेच्या बाजूला लावता येते का, हे मी आज सभागृहात जाऊन पाहून आले. खांब मध्ये येत नाही, आणि तिथून शेवटची रांग दिसते.